'रान' आधी की 'ट्रू ग्रिट'? अमेरिकन सरहद्दीवरच्या कादंबऱ्या वाचायला घेताना

घोडे, बंदुका आणि धुळीत समोरासमोर उभे राहिलेले दोन पुरुष एवढ्याच चित्रामुळे पुष्कळ मराठी वाचक अमेरिकन सरहद्दीवरच्या, म्हणजे वस्ती संपून रान सुरू व्हायचं तिथल्या, कथांकडे वळत नाहीत. मात्र श्रद्धा, धाडस आणि केल्या कर्मातून सुटका या तिन्ही गोष्टी त्या कथांमध्ये फार खोलवर येतात. सुरुवात कुठून करावी असा प्रश्न पडला असेल, तर माझ्या मते निवड मुख्यतः दोघांत आहे: कॉनरॅड रिक्टर आणि चार्ल्स पोर्टिस.

रिक्टर तर आपल्याला मराठीतच भेटतो. धारवाडच्या जी. ए. कुलकर्णींनी त्याच्या तीन कादंबऱ्या 'रान', 'शिवार' आणि 'गाव' या नावांनी मराठीत आणल्या. मूळ पुस्तकं 1940, 1946 आणि 1950 सालची, आणि तिसऱ्या पुस्तकाला 1951 मध्ये पुलित्झर हा अमेरिकेतला मोठा साहित्यपुरस्कार मिळाला. 'द फील्ड्स'ला 'शेतं' न म्हणता 'शिवार' म्हणणं जी.एं.नाच सुचावं. त्या एका शब्दात बांध, पीक, माणसं, सगळं येतं.

कथा अठराव्या शतकाच्या शेवटाकडे सुरू होते. शिकार संपली म्हणून पेनसिल्व्हेनिया सोडून एक कुटुंब ओहायोच्या जंगलात शिरतं. टेकडीवरून खाली पाहावं तर नुसते झाडांचे शेंडे, समुद्रासारखे पसरलेले. आई तिथेच खचते आणि पुढे क्षयानं जाते. धाकटी सुली रानात हरवते. तिच्या शोधात निघालेला बापही घरी परतत नाही. भावंडांची जबाबदारी थोरल्या सेवर्डवर पडते. या पुस्तकात धाडस म्हणजे रोज सकाळी उठून कुऱ्हाड हातात घेणं. सेवर्डला अक्षरओळख नाही. तिचा नवरा पोर्शियस हा मॅसॅच्युसेट्सहून आलेला शिकलेला वकील, देव न मानणारा. तरी ती प्रार्थनाघरासाठी स्वतःची जमीन देते आणि त्यावर व्याख्यान देत बसत नाही. पुढे पोर्शियसचं पाऊल वाकडं पडतं. ती त्याला लगेच माफ करत नाही, घराबाहेरही काढत नाही. त्या चुकीची किंमत मात्र तिसऱ्या पुस्तकात एक निष्पाप मुलगी मोजते. आयुष्यभर झाडांना वैरी मानून ती तोडणारी सेवर्ड म्हातारपणी घराभोवती झाडं लावते, तिथे मी पुस्तक मिटून बराच वेळ बसलो होतो.

अडचण एकच, ही तीन पुस्तकं आहेत आणि त्यांची चाल बैलगाडीची आहे. घाईत वाचणाऱ्याचा पहिल्या शंभर पानांतच धीर सुटेल.

पोर्टिसची 'ट्रू ग्रिट' (1968) अगदी उलट. दोनशेच्या आसपास पानं, आणि पहिल्या परिच्छेदातच बापाचा खून. आर्कान्सातल्या येल काउंटीची चौदा वर्षांची मॅटी रॉस बापाच्या मारेकऱ्याला शोधायला निघते. मारेकरी चोक्टॉ या मूळ रहिवासी लोकांच्या मुलखात पळालेला आहे. ती रूस्टर कॉगबर्न नावाचा एकडोळ्या, दारुडा मार्शल (सरकारी पोलीस अधिकारी) पैसे ठरवून सोबत घेते. मॅटी प्रेस्बिटेरियन या प्रॉटेस्टंट पंथाच्या घरातली, बायबल तोंडपाठ. तिची श्रद्धा वहीखात्यासारखी चोख आहे: जगात प्रत्येक गोष्टीचं मोल चुकवावं लागतं, फुकट मिळते ती फक्त देवाची कृपा. म्हणूनच घोड्यांच्या व्यापाऱ्याशी ती घासाघीस करते तो प्रसंग मला बंदुकीच्या चकमकीइतकाच महत्त्वाचा वाटतो. सूडाचा हिशेबही तिला चुकत नाही. खुन्यावर गोळी झाडल्याच्या धक्क्यानंच ती मागच्या विवरात कोसळते, साप डसतो आणि पुढे तो हात कापावा लागतो.

रूस्टरचं काय? अमेरिकन यादवी युद्धात तो दक्षिणेच्या बाजूनं लढणाऱ्या क्वांट्रिलच्या टोळीत होता, आणि त्या टोळीनं 1863 मध्ये कॅन्ससमधल्या लॉरेन्स गावात कत्तल केली होती. पोर्टिस हा डाग पुसत नाही. सर्पदंश झालेल्या मुलीला घेऊन तो घोडा मरेपर्यंत दौडवतो आणि मग तिला स्वतः उचलून धावतो, एवढंच आपल्याला दिसतं. त्यानं पाप फिटलं की नाही, हे वाचणाऱ्यावर सोपवलेलं आहे. 1969 आणि 2010 चे चित्रपट पाहिले असतील तरी पुस्तक वाचाच, कारण म्हातारपणी हे सगळं सांगणाऱ्या मॅटीचा तो ताठ आवाज कागदावरच पुरता ऐकू येतो.

फक्त श्रद्धेसाठीच वाचायचं असेल, तर विला कॅथरची 'डेथ कम्स फॉर द आर्चबिशप' (1927). न्यू मेक्सिकोत आलेल्या फ्रेंच धर्मगुरूंची कथा, तिथल्या खऱ्याखुऱ्या बिशप लामी यांच्या आयुष्यावरून सुचलेली. त्यात कथानक असं जवळजवळ नाहीच. पण डिसेंबरच्या एका रात्री, स्वतःचीच प्रार्थना पोकळ वाटत असताना, बिशपला चर्चच्या दाराशी सादा नावाची म्हातारी गुलाम बाई भेटते. मालकांनी तिला वर्षानुवर्षं चर्चमध्ये येऊ दिलेलं नसतं. तो तिला आत नेतो, दोघं गुडघे टेकतात, आणि त्या रात्री खरा आधार तिला मिळाला की त्याला, हे सांगता येत नाही.

मूळ रहिवाशांबाबतही फरक पडतो. 'ट्रू ग्रिट'मध्ये त्यांचा मुलूख आहे, ते स्वतः फारसे नाहीत. कॅथर नवाहो लोकांना हाकलून लावल्याबद्दल स्पष्ट लिहिते. रिक्टरचं याबाबतीतलं खरं उत्तर 'रानातील प्रकाश'मध्ये मिळेल. हाही अनुवाद जी.एं.चाच. लेनापे लोकांत वाढलेल्या गोऱ्या मुलाला 1764 मध्ये जबरदस्तीनं आईबापांकडे परत पाठवलं जातं, आणि अखेर तो ना इकडचा राहतो ना तिकडचा.

तेव्हा, इंग्रजी वाचायची सवय असेल आणि हाताशी एकच शनिवार-रविवार असेल तर 'ट्रू ग्रिट' घ्या. पावसाळाभर पुरेल असं काही हवं असेल तर 'रान' मिळवा, आणि 'शिवार' व 'गाव'ही त्याच वेळी शोधून ठेवा. 'रान' संपल्यावर सुलीचं पुढे काय झालं हे कळल्याशिवाय चैन पडत नाही, आणि ती पुन्हा भेटते ते थेट 'गाव'मध्ये.