पंप की पावडर? कोकणातल्या दमेकऱ्याचा हिशेब

मागच्या महिन्यात शेजारच्या वहिनी संध्याकाळी ओटीवर येऊन बसल्या. त्यांच्या बावीस वर्षांच्या मुलाला दमा निघालाय. डॉक्टरांनी एकच औषध दोन तऱ्हांनी लिहून दिलं, पंप नाहीतर कॅप्सूलचा इन्हेलर, आणि वर म्हणाले, "गुण सारखाच. कुठलं जमतं ते बघा." वहिनींना वाटलं, भाऊजी तीस वर्षं धापा टाकतायत, त्यांना विचारावं. तासभर बोललो. तेच इथे जरा नीट मांडतो, कारण असा प्रश्न पडणाऱ्या त्या एकट्या नसणार.

मी डॉक्टर नाही. पंप दहा-बारा वर्षं ओढला, पावडर सहा वर्षं ओढतोय. एवढीच माझी पात्रता, तेव्हा पुढचं त्या हिशेबाने वाचा.

औषधाच्या गुणाबद्दल डॉक्टरांचं बरोबरच आहे. ओढायला जमलं तर दोन्हींनी छाती सारखीच मोकळी होते. फरक आहे तो औषध आत ढकलतं कोण, यात. पंपात वायू ढकलतो. कॅप्सूलच्या यंत्रात कोणी ढकलत नाही, तुमचा श्वासच पावडर ओढून घेतो. म्हणून पंप ओढायचा संथ आणि खोल, पावडर ओढायची जोरात. बरेच लोक नेमकं उलट करतात, मीही करायचो.

आता हा वायू कुठला? पहिला पंप १९५६ साली अमेरिकेत आला, तेव्हापासून त्यात सीएफसी नावाचे वायू असायचे, ओझोनला भोकं पाडणारे. १९८७ च्या मॉन्ट्रियल करारानंतर ते हळूहळू हद्दपार झाले आणि त्यांच्या जागी एचएफए आले. बहुतेक पंपांत एचएफए-१३४ए असतो, गाडीच्या एसीत भरतात तोच. ओझोनला त्याचा त्रास नाही, पण हवा तापवायला तो महाबिलंदर. शंभर वर्षांच्या हिशेबात एक किलो १३४ए हा १४३० किलो कार्बन डायऑक्साइडच्या बरोबरीचा धरतात. काही पंपांत २२७ईए असतो, त्याचा आकडा ३२२०.

हे आकडे वाचून मला आधी काहीच वाटलं नव्हतं. मग एकदा पेट्रोलच्या भाषेत मांडून बघितलं. दोनशे फवाऱ्यांच्या डबीत साधारण १० ते २० ग्रॅम वायू असतो. बारा ग्रॅम धरा. बारा गुणिले १४३०, म्हणजे सतरा किलोच्या वर. एक लिटर पेट्रोल जाळलं की सव्वादोन किलोच्या आसपास कार्बन डायऑक्साइड निघतो. म्हणजे एक पंप बरोबर सात-साडेसात लिटर पेट्रोल. आमच्या बाईकवर तेवढ्यात रत्नागिरीहून मुंबई गाठता येते. मी वर्षाला सात पंप संपवायचो. हिशेब ढोबळ आहे, पण खिशात मावणारी ती डबी सात वेळा मुंबईला जाते हे कळल्यावर तिच्याकडे बघायची नजर बदलली खरी.

तरीही प्रामाणिकपणे सांगतो, पर्यावरणासाठी मी पंप सोडला नाही. श्वास कोंडला की माणूस पृथ्वीचा विचार करत नाही. कोणी करू पण नये.

मी पंप सोडला तो गणपतीत.

दुसरा दिवस. घरात पंचवीस माणसं, दुपारपासून धूप, कापूर, उदबत्ती, त्यात बाहेर धो धो पाऊस म्हणून दारं-खिडक्या बंद. रात्री भजन सुरू झालं आणि माझी छाती वाजायला लागली. माजघरात जाऊन पंप हलवला, दाबला. फुस्स. दहा मिनिटं थांबलो, परत दाबला. फुस्स. आवाज अगदी नेहमीसारखा, तोंडाला थंडगार वारा नेहमीसारखा. पण छाती उघडेना. सहाव्या फवाऱ्याला डोक्यात प्रकाश पडला की आत औषधच नाही. औषध संपलं तरी डबीत वायू उरतो, आणि तो तस्साच फुसफुसत राहतो. गावातलं मेडिकल बंद. पुतण्याने रिक्षा काढली, सरकारी दवाखान्यात वाफ घेतली तेव्हा कुठे दोन वाक्यं सलग बोलता आली. रिक्षात बसूनही पंप हातात घट्ट धरला होता.

पंपाचं सगळं चालवून घेतलं असतं, पण भरलाय की रिकामा हे त्याला विचारायची सोय नाही, ते काही सहन होईना.

डॉक्टर म्हणाले, मोजायचं. मोजत होतो ना! भिंतीवरच्या कॅलेंडरवर रोज चार रेघा, दोनशे भागिले चार, पन्नास दिवस. पण चार-आठ दिवस पंप वापरला नाही तर आधी दोन-चार फवारे हवेत सोडावे लागतात, ते कोण मांडतो? नातेवाईकांच्या पोरांनी "बघू काय आहे" म्हणून उडवलेले? ओल्या हाताने दाबला, अर्धवट उडाला म्हणून परत दाबलेला? आणि पाण्यात टाकून तरंगतो का बघायचं, हा जो उपाय सगळे सांगतात, तो निव्वळ फसवा. त्यातून काही कळत नाही, उलट नळीचं तोंड बुजतं.

यावर कोणी म्हणेल, आकडा दाखवणारे पंप मिळतात की. मिळतात, आणि पंपच घ्यायचा असेल तर तोच घ्या, एवढं माझं ऐकाच. पण आमच्या एसटी स्टँडजवळच्या मेडिकलमध्ये दर वेळी तो असतोच असं नाही. नसला की दुकानदार साधा पुढे करतो, "औषध तेच आहे हो."

याउलट कॅप्सूल. एक कॅप्सूल म्हणजे एक मात्रा, डबीत तीस. झाकण काढून बघितलं की कळतं किती उरल्या. ओढून झाल्यावर यंत्र उघडून उजेडाकडे धरायचं, कॅप्सूलच्या टोपणात पांढरी पूड दिसली तर आणखी एकदा ओढायचं. जिभेवर किंचित गोडसर चव लागते, पावडरीत दुधाची साखर असते ना, त्यावरूनही कळतं की काहीतरी आत गेलं. ही खात्री फार मोठी गोष्ट आहे. निदान माझ्यासारख्या एकदा फसलेल्या माणसाला.

पण थांबा, पावडरीचं कौतुक कोकणात बसून एवढ्यावर सोडता येणार नाही. इथे पावसाळा आहे. आणि कोरड्या पावडरीचा एकच वैरी, दमटपणा.

जुलैत आमच्याकडे काडेपेटी पेटत नाही, मीठ पाणी धरतं, कपाटातल्या चपलांना बुरशी येते. कॅप्सूल जिलेटिनची. डबी उघडी राहिली तर दोन दिवसांत ती मऊ पडते, यंत्रात फिरवली की कट्कन उघडायच्या ऐवजी चेपते, आणि आतल्या पुडीची गुठळी होते. पहिल्या पावसाळ्यात मी जवळजवळ परत पंपाकडे वळलो होतो. उपाय आईने काढला. फणसाचे पापड ज्या घट्ट झाकणाच्या स्टीलच्या डब्यात ठेवते, त्यात माझी डबी ठेवायला लागली. तेव्हापासून एकही कॅप्सूल मऊ पडलेली नाही. पापड कुरकुरीत तर कॅप्सूल कुरकुरीत, ही आमच्या घरची चाचणी.

बाकी पथ्यं थोडीच. हात कोरडे करून एकच कॅप्सूल काढायची, झाकण लगेच लावायचं. आठवड्याच्या कॅप्सूल काढून खिशात टाकायच्या नाहीत. यंत्रात कधी उच्छ्वास सोडायचा नाही, आपल्याच तोंडाची वाफ आत जाते. आणि यंत्र धुतलं तर पुरतं वाळू द्यायचं. पावसाळ्यात ते दोन-दोन दिवस वाळत नाही, म्हणून मी दोन यंत्रं ठेवली आहेत, एक वापरात, एक दांडीवर. औषधात स्टिरॉइड असेल तर ओढून झाल्यावर चूळ भरायची, पण ती पंपालाही आहेच.

आणखी एक, हसू नका. घरात वयस्क माणूस असेल तर त्याला ही कॅप्सूल पोटात घ्यायची नाही हे तीनदा सांगा. आमच्या तात्यांनी पहिले चार दिवस त्या चहाबरोबर गिळल्या आणि पाचव्या दिवशी डॉक्टरांना म्हणाले, "काय गुण नाय."

कचऱ्याचं काय? इथे मी पावडरीला पैकीच्या पैकी गुण देणार नाही. प्लास्टिकचं यंत्र काही महिन्यांनी बदलावं लागतं, महिन्याला एक-दोन डब्या निघतात, टोपणं तर रोजची. पण ते साधं प्लास्टिक आणि जिलेटिन. पंपाची डबी मात्र अडचणीची. ॲल्युमिनियम असूनही भंगारवाला घेत नाही, आत दाब असतो म्हणून. टाकून दिली तरी उरलेला वायू हळूहळू बाहेर पडतोच. २०१६ च्या घनकचरा नियमांनी मुदत संपलेली औषधं, वापरलेल्या सुया, फुटलेले पाऱ्याचे थर्मामीटर हे सगळं घरगुती घातक कचऱ्यात घातलं, वेगळं द्यायचं असतं. पण वाडीत ते वेगळं घ्यायला येतो कोण? आमच्याकडे कचऱ्याची एकच वाट, परसात पातेऱ्याबरोबर काडी लावणे. एका वर्षी कोणीतरी माझा जुना पंप त्यात टाकला. बंदुकीसारखा बार निघाला, डबी उडून गडग्यावर आदळली आणि कुत्रा दोन दिवस घरी आला नाही. कोणाच्या डोळ्याला लागलं नाही हे नशीब.

कंपन्याही या वायूच्या मागे लागल्या आहेत. २०१६ मध्ये रवांडात, किगालीला, एचएफसी कुळातले वायू कमी करायचं ठरलं, पंपातले एचएफए त्याच कुळातले. भारताने २०२१ मध्ये त्यावर मोहोर उठवली. आपल्याला २०२८ नंतर वापर वाढवायचा नाही, २०३२ पासून टप्प्याटप्प्याने उतरायचं आणि २०४७ पर्यंत ८५ टक्के कपात करायची आहे. हवा कमी तापवणारे वायू घालून नवे पंप बाहेरदेशी यायला लागलेत. इथे आले की ही तुलना परत करावी लागेल. पण ते आमच्या स्टँडजवळच्या मेडिकलमध्ये पोचेपर्यंत मी आणखी किती गणपती बघितलेले असतील देव जाणे.

मग पंप घ्यावा कोणी? ज्याच्या श्वासात जोर नाही त्याने. लहान मूल, थकलेला म्हातारा जीव, आणि जोराचा अटॅक आलेला कोणीही. माझ्या आईला अठ्ठ्याहत्तराव्या वर्षी पावडर ओढवत नाही. तिला पंप आणि स्पेसर, म्हणजे ती प्लास्टिकची फुगीर नळी. तिथे पृथ्वीचा विषय मी काढतसुद्धा नाही. दुधाच्या प्रथिनांची ॲलर्जी असेल तरी पावडरीआधी डॉक्टरांना विचारा. आणि आधीच एखादा पंप नीट लागू पडला असेल तर माझं वाचून परस्पर बदलू नका. बदलायचं तर डॉक्टरांसमोर एकदा ओढून दाखवा, ते दोन मिनिटांत सांगतील जमतंय की नाही.

पण तरणा माणूस, फुप्फुसात जोर आहे, रोजचं औषध घ्यायचंय, आणि दोन्हींतलं काहीही चालेल असं डॉक्टर म्हणतायत, तर मी पावडरीकडे बोट दाखवेन. वहिनींनाही तेच सांगितलं. त्यांचा मुलगा क्रिकेट खेळतो, त्याला ओढायला अडचण यायचं कारण नाही. फक्त मे महिन्यात वरच्या अंगाला राब भाजायला लागले की धूर थेट त्यांच्या खिडकीत येतो, तेव्हा तातडीचा एक पंप जवळ असू दे म्हटलं.

परवा आगोटीची यादी केली. खडे मीठ, बेडगी मिरची, सुके बांगडे, आमसुलं, आईचे पापड. खाली कॅप्सूलच्या तीन डब्या. घरात तातडीचा पंप एकच, आकडेवाला. आज बघितला, ११२ वर आहे.