भाषेची सीमा: बेल्जियमचं बरोबर की स्वित्झर्लंडचं?
आमच्या खानापूर-निपाणीकडं मराठी-कन्नड एकाच गल्लीत चालतं, म्हणून या दोन देशांचं मी जरा जास्तच वाचतो. बेल्जियमनं १९६२-६३ ला कायदा करून नकाशावर भाषेची रेघच मारली, वर डच, खाली फ्रेंच, पूर्वेला थोडं जर्मन, ब्रुसेल्स तेवढं दोघांचं. पण भांडण कुठं थांबतंय, १९६८ च्या वादात लूव्हेन युनिव्हर्सिटीची वाटणी झाली आणि लायब्ररीतली पुस्तकंसुद्धा नंबर बघून वाटली, सम एकाला, विषम दुसऱ्याला! वाचून पोटात तुटतं ओ.

स्वित्झर्लंडमध्ये भाषा चार, कँटन (म्हणजे तिथली राज्यं) २६. तंटा तिथंही होताच, फ्रेंच बोलणारा जुरा भाग १८१५ पासून जर्मनबहुल बर्न कँटनकडं. पण त्यांनी लोकांनाच विचारलं, १९७४ ला सगळ्या भागाचं मतदान, मग जिल्ह्यांचं, मग सीमेवरच्या गावांचं, आणि १९७९ ला जुरा वेगळा कँटन झाला. सीमेवरच्या मुतिये गावानं तर पार २०२१ ला जुराला कौल दिला. वेळ लई लागला, तरी मला हेच पटतं, गावाला विचारून केलेलं. तिथल्या बील शहरात आजही रस्त्यांच्या पाट्या जर्मन-फ्रेंच दोन्हीत आहेत, एकाच पाटीवर.