सीपॅपचा मास्क: नाकपुडीतला की नाक-तोंड झाकणारा?

सीपॅप म्हणजे झोपेत श्वास अडू नये म्हणून मास्कमधून दाबाने हवा देणारं मशीन. नाक मोकळं असेल आणि झोपेत तोंड मिटलेलं राहत असेल, तर आधी नाकपुड्यांना टेकणारा पिलो मास्क लावून बघा. त्वचेला स्पर्श कमी, दाढी-चष्म्याची अडचण नाही, कुशीवर झोपता येतं. पण दाब जास्त असला की हवेचा झोत थेट नाकपुडीत लागतो आणि आतली त्वचा कोरडी पडून दुखते. तोंड उघडलं तर हवा तिथूनच निसटते. सकाळी घशाला कोरड पडली असेल तर बहुधा हेच कारण.

नाक कायम चोंदलेलं असेल तर नाक-तोंड झाकणारा फुल फेस मास्क. कडा लांब, म्हणून गळतीच्या जागाही जास्त. गळती दिसली की लोक पट्टे आवळतात आणि इथेच चुकतं: सिलिकॉनची गादी हवेने फुगून चेहऱ्यावर बसते, आवळली की चपटी होते, गळती वाढते आणि नाकाच्या दांड्यावर वळ उठतो.

त्यामुळे मास्क बसून नव्हे, आडवं होऊन बसवा. पट्टे सैल करा, मशीन नेहमीच्या दाबावर चालू करा, मास्क किंचित पुढे ओढून गादी फुगू द्या, मग दोन्ही बाजूंचे पट्टे सारखे, थोडे थोडे ओढा. कूस बदलून पुन्हा तपासा. पुढच्या बारीक छिद्रांतून येणारी हवा ही गळती नव्हे. उच्छ्वास तिथून बाहेर जातो, ती बुजवू नका.

गादी रोज सौम्य साबणाने धुवा, चेहऱ्याच्या तेलाने ती घसरते. पेसमेकर असेल तर चुंबकाच्या क्लिपांचा मास्क नकोच.