फिशिंग प्लॅनेट: फ्लोट आडवा पडला तर खोली चुकली

'फिशिंग प्लॅनेट' हा मासेमारीचा गेम फुकट खेळता येतो. संयम मात्र पुरेपूर लागतो. सुरुवात टेक्सासमधल्या लोन स्टार तळ्यावर होते आणि आमिष किती खोल सोडायचं हा धडा इथेच मिळतो. फ्लोट, म्हणजे दोऱ्याला लावलेला तरंगता तुकडा, पाण्यावर आडवा लोळला की समजावं, आमिष तळाला टेकलंय. गळ आणि फ्लोट यांतलं अंतर थोडं थोडं कमी करत जा. फ्लोट ताठ उभा राहिला की जमलं. मग तो नुसता थरथरला तर झटका देऊ नका, पूर्ण बुडू द्या. घाईनं ओढलं की मासा हातचा जातो.

खरी मजा ड्रॅगमध्ये आहे, म्हणजे मासा ओढत असताना रिळातून दोरा किती सहज सुटावा हे ठरवणाऱ्या ब्रेकमध्ये. काठी, रीळ आणि दोरा या तिन्हींवरचा ताण स्क्रीनवर वेगवेगळा दिसतो. तिन्हींत जे सर्वांत कमजोर, त्याच्या ताकदीपेक्षा ड्रॅग थोडा सैल ठेवा. जास्त आवळलात तर मोठा मासा दोरा तोडूनच जाणार. तो पळतोय तर पळू द्या, दमला की गुंडाळा. ही झुंज फार सुंदर उतरली आहे, अगदी मनगटाला जाणवावी अशी.

पैशांचं गणित मात्र कडक आहे. महागडं रीळ घ्यायची घाई केली की परवाना आणि प्रवास यांना काही उरत नाही.