किनाऱ्यावरच्या भूखंडाची कायदेशीर छाननी : नाशिकमधील एका वकील कार्यालयाचा अनुभव

दापोली तालुक्यात समुद्राकाठी साडेसहा गुंठे जागा घेण्याचे आमचे जवळजवळ ठरले होते. टोकन देण्यापूर्वी कागद तपासून घ्यावेत म्हणून नाशिकच्या सीबीएस बसस्थानकाजवळच्या एका वकील कार्यालयाकडे सर्च रिपोर्टचे काम सोपवले.

तीस वर्षांचा शोध, सातबारा, फेरफार आणि अकृषिक आदेश यांत कोठेही खोट निघाली नाही. बहुतेक ठिकाणी काम येथेच संपते आणि ‘टायटल क्लिअर’ असा शेरा हाती पडतो. या कार्यालयाने मात्र सर्व्हे नंबर किनारी क्षेत्र व्यवस्थापन आराखड्याच्या नकाशावर लावून पाहिला आणि जागेचा बहुतांश भाग भरतीरेषेपासून २०० मीटरच्या आत, म्हणजे नवे बांधकाम सहसा करता येत नाही अशा ना-विकास क्षेत्रात येतो, हे दाखवून दिले. “गोदावरीची निळी पूररेषा जशी, तशीच ही समुद्राची रेषा समजा,” असे वकीलबाई म्हणाल्या, आणि नाशिककराला यापुढे अधिक सांगण्याची गरज उरली नाही.

‘आता फक्त ५० मीटर सोडावे लागतात’ असे एजंटने आम्हाला छातीठोकपणे सांगितले होते. किनारी नियमन क्षेत्राच्या (सीआरझेड) २०१९ च्या अधिसूचनेतील ती सवलत २०११ च्या जनगणनेनुसार दर चौरस किलोमीटरला २१६१ हून अधिक लोकसंख्या असलेल्या ग्रामीण किनाऱ्यांसाठी आहे. आमचे गाव त्यात बसत नव्हते. शेजारच्या घरांकडे बोट दाखवण्यातही अर्थ नव्हता, कारण जुन्या अधिकृत घरांची दुरुस्ती आणि मच्छीमारांसारख्या पारंपरिक किनारी समाजांची घरे यांसाठी वेगळ्या तरतुदी आहेत.

ग्रामपंचायतीचा दाखला आहे ना, या माझ्या प्रश्नावर वकीलबाईंनी कोचीजवळच्या मरडूचे उदाहरण दिले. तेथील इमारतींना स्थानिक पंचायतीने २००६ मध्ये परवाने दिले होते, परंतु किनारी प्राधिकरणाची संमती घेतलेली नव्हती. सर्वोच्च न्यायालयाने मे २०१९ मध्ये पाडण्याचा आदेश दिला आणि जानेवारी २०२० मध्ये चार गृहसंकुले स्फोटकांनी जमीनदोस्त झाली. सदनिकाधारकांना प्रत्येकी २५ लाख रुपयांची अंतरिम भरपाई देण्याचा आदेश झाला, पण घर गेले ते गेलेच. आपल्याकडे अलिबागजवळ किहीमला नीरव मोदीचा बंगलाही मार्च २०१९ मध्ये असाच उडवण्यात आला होता. पर्यावरण संरक्षण कायद्यात पूर्वी अशा उल्लंघनासाठी पाच वर्षांपर्यंत कैद होती. २०२३ च्या जनविश्वास कायद्याने तिच्या जागी १० हजार ते १५ लाख रुपयांचा दंड आणला. हे ऐकून मी थोडा सैलावलो, तेव्हा दंड भरल्याने बांधकाम नियमित होत नाही, ही गोष्ट त्यांनी दोनदा सांगितली.

तक्रारीही आहेत. दहा दिवसांत मिळायचा अहवाल एकोणिसाव्या दिवशी मिळाला. सर्वांत महत्त्वाचा इशारा सतरा पानांपैकी चौदाव्या पानावर आणि तोही किचकट इंग्रजीत होता. ज्यांच्या पैशांतून ही खरेदी व्हायची होती त्या माझ्या वडिलांना तो मला वाचून समजावून द्यावा लागला. बारा हजारांच्या शुल्काखेरीज नकाशा पडताळणीचे चार हजार वेगळे लागतील, हे बिल हाती येईपर्यंत कोणी बोलले नव्हते.

तरीही किनाऱ्यावरच्या जागेसाठी मी याच कार्यालयात पुन्हा जाईन, फक्त नकाशा पडताळणी शुल्कात धरलेली आहे की नाही, हे आधी लेखी घेईन. टोकन आम्ही दिले नाही.