आर-एट आठ महिने वापरल्यावर: दर शून्य रुपये, आणि बाकीचं

माझं एक लहानसं ॲन्ड्रॉइड ॲप आहे, गावच्या दूध संकलन केंद्रांसाठी. सभासदाचा कोड, लिटर, फॅट, एसएनएफ (दुधातले फॅटखेरीजचे घन पदार्थ) टाकलं की दरपत्रकावरून रक्कम निघते आणि दर दहा दिवसांनी बिल तयार होतं. वर्षाची वर्गणी घेतो. गेल्या वर्षी एका ग्राहकानंच दाखवलं की माझंच ॲप ‘फुल व्हर्जन, फ्री’ म्हणून कुठल्याशा ग्रुपवर फिरतंय. ती फाइल उतरवून जॅडएक्समध्ये, म्हणजे तयार ॲपमधला कोड वाचून दाखवणाऱ्या साधनात, उघडली. चोरानं फार काही केलं नव्हतं. वर्गणी भरली आहे का हे तपासणारं माझं फंक्शन तिथं नावासकट जसंच्या तसं होतं, फक्त आतलं सगळं काढून ‘हो’ एवढंच उत्तर ठेवलेलं. एपीकेटूल नावाच्या साधनानं एपीके (ॲपची इन्स्टॉल करायची फाइल) उलगडायचं, आतल्या स्मालीच्या, म्हणजे उलगडल्यावर दिसणाऱ्या कोडच्या, दोन ओळी बदलायच्या, परत बांधायचं आणि स्वतःच्या किल्लीनं साइन करायचं. चहा निवायच्या आत होणारं काम. मी फंक्शनचं नावच इतकं सरळ ठेवलं होतं की शोधायचेही कष्ट पडले नसतील.

म्हणून आर-एट चालू केलं: ॲप बांधताना न लागणारा कोड काढून उरलेल्यातली नावं बदलून टाकणारं साधन. खरं तर ते तिथंच पडून होतं. पूर्वी हे काम प्रोगार्ड करायचं. एरिक लाफॉर्च्यून यांनी ते 2002 मध्ये जावासाठी आणलं, आणि ॲन्ड्रॉइडवाल्यांच्या एका पिढीनं त्यालाच शिव्या घालत दिवस काढले. 2019 मध्ये ॲन्ड्रॉइड ग्रेडल प्लगिन (ॲप बांधणारी यंत्रणा) 3.4 आलं तेव्हापासून गूगलचं आर-एट त्याच्या जागी बसलं. नियम लिहायची पद्धत मात्र प्रोगार्डचीच ठेवली, त्यामुळे जुनी उत्तरं अजून चालतात. चालू करायला ग्रेडलमध्ये एक ओळ पुरते, आणि पैसे शून्य.

पहिली बिल्ड बघून मी खूश. न लागणारा कोड गळून एपीके जवळपास एक-तृतीयांशानं हलकं झालं, क्लासची नावं ए, बी, सी अशी झाली. घरच्या फोनवर सगळं नीट चाललं. आता कळतंय की घरी मी डीबग बिल्ड, म्हणजे चाचणीची आवृत्ती, चालवत होतो आणि आर-एट फक्त ग्राहकांना जाणाऱ्या रिलीजमध्ये चालू होतं.

तिसऱ्या दिवशी सकाळी साडेसहाला एका केंद्राच्या सचिवांचा फोन. ‘‘अहो, गायीचा दर शून्य रुपये दाखवतंय. इथं लाइन लागलीय, लोक किटल्या घेऊन उभे आहेत.’’ त्या दिवशी त्यांनी वहीवर संकलन केलं आणि मी शर्टाची बटणं लावत लॅपटॉप उघडला.

कारण वाचून हसाल. दरपत्रक सर्व्हरवरून जेसनमध्ये, म्हणजे नाव आणि किंमत अशा जोड्यांच्या मजकुरात, येतं. त्यात ‘रेट’ नावाची किल्ली असते आणि जीसन लायब्ररी त्याच नावाचं फील्ड क्लासमध्ये शोधते. आर-एटनं त्या फील्डचं नाव ‘बी’ करून टाकलं होतं. जीसनला ‘रेट’ सापडलं नाही, पण तक्रारही केली नाही. आकड्याचं फील्ड कोणी भरलं नाही तर त्यात शून्यच राहतं. ना क्रॅश, ना लॉगमध्ये काही, नुसता शून्य. क्रॅश झाला असता तर निदान कोणी चुकीच्या रकमेची पावती तरी फाडली नसती. तेव्हापासून सर्व्हरशी बोलणाऱ्या प्रत्येक फील्डवर जेसनमधलं नाव सांगणारी सीरियलाइज्डनेमची चिठ्ठी चिकटवलेली आहे, आणि ते क्लास वेगळ्या पॅकेजात ठेवून त्याला कीप नियम, म्हणजे ‘याला हात लावू नकोस’ अशी सूचना, लावलाय. काही जण घाबरून सगळ्या ॲपलाच कीप लावतात. मग आर-एट ठेवायचंच कशाला? पुढे प्लगिन 8 वर गेलो तेव्हा आर-एटचा जास्त कडक फुल मोड आपोआप चालू झाला आणि जीसनचे टाइपटोकन (यादीत कुठल्या प्रकारची माहिती आहे हे सांगणारा कोड) मोडले, पण तोवर रिलीज बिल्ड हातात घेऊन अख्खं दहा दिवसांचं बिल काढून बघायची सवय लागली होती.

दुसरा धडा मॅपिंग फाइलचा. ‘ए’ म्हणजे मुळात कोण, हे त्या एकाच फाइलमध्ये लिहिलेलं असतं. प्ले स्टोअरवर बंडल चढवलं की ती सोबत जाते. पण माझ्या चार-पाच केंद्रांना मी एपीके थेट व्हॉट्सॲपवर पाठवतो. त्यांतल्या एकाचा क्रॅश आला, सगळा ए.ए.बी, सी.डी. फाइल शोधायला गेलो तर पुढच्या बिल्डनं त्याच फोल्डरात तिच्यावरच नवी लिहिलेली. जुन्या कोडवरून पुन्हा बिल्ड करून अंदाजानं जुळवत बसलो, दोन रात्री गेल्या. आता प्रत्येक रिलीजनंतर मॅपिंग फाइल व्हर्जन नंबरच्या नावानं वेगळी ठेवतो. क्रॅश आला की रिट्रेस या साधनाला ती दिली की मूळ नावं परत मिळतात.

बरं, मूळ प्रश्न: चोर थांबतो का? एक दिवस चोराच्या जागी बसून माझंच रिलीज एपीके जॅडएक्समध्ये उघडलं. मॅनिफेस्टमधल्या (ॲपची माहिती सिस्टिमला सांगणाऱ्या फाइलमधल्या) ॲक्टिव्हिटींची, म्हणजे स्क्रीनची, नावं तशीच होती, कारण सिस्टिम त्यांना नावानंच हाक मारते. कोडमध्ये अवतरणात लिहिलेला मजकूर, म्हणजे स्ट्रिंग, सगळा तसाच होता, आर-एट त्याला हात लावत नाही. एसएमएस पाठवायची माझी किल्ली तिथं उघडी पडलेली. लाज वाटली ती मात्र कॉटलिनमुळे, ॲप ज्या भाषेत लिहिलंय तिच्यामुळे. डेटा क्लासचं नाव ‘सी’ झालेलं, पण त्याच्या टूस्ट्रिंगमध्ये (माहिती मजकुरात दाखवणाऱ्या फंक्शनमध्ये) कंपायलरनं मूळ क्लासचं नाव आणि सगळ्या फील्डांची नावं ओळीनं लिहून ठेवलेली: सभासद कोड, एकूण लिटर, कपात, देय रक्कम. नल, म्हणजे रिकामी किंमत, आली का हे तपासणाऱ्या ओळींतही पॅरामीटरची मूळ नावं. दाराला कुलूप आणि चौकटीवर घरातल्यांची यादी. टूस्ट्रिंग मी स्वतः लिहून टाकलं, आणि रिलीजसाठी त्या तपासण्या कंपायलरच्या पर्यायानं बंद केल्या.

स्ट्रिंग झाकणारी, कोडचा प्रवाह गुंतवणारी विकतची हत्यारंही आहेत. प्रोगार्डवाल्यांचंच डेक्सगार्ड त्यातलं. बँकेच्या ॲपला ते शोभतं, माझ्या वर्गणीत ते बसत नाही. आणि फोन ज्याच्या हातात आहे त्यानं फ्रिडा हे साधन जोडून चालू ॲपमध्येच हात घातला तर नावं ए आहेत की बी, त्याला काय फरक पडतो?

म्हणून खरी गोष्ट मी फोनवरून उचलूनच नेली. एसएमएसची किल्ली सर्व्हरवर गेली. संकलन ऑफलाइन चालतं, गावात रेंजचा भरवसा नसतो, पण दहा दिवसांचं बिल आता सर्व्हर बनवतो आणि वर्गणीही तिथंच तपासतो. दोन केंद्रांनी यावरून कुरकुर केली, नेट नसलं की बिल अडकतं म्हणून. त्यांचं चूक नाही.

आर-एट अजून चालूच आहे. नुसत्या हलक्या एपीकेसाठीही ठेवलं असतं.

गेल्या महिन्यात एका अनोळखी नंबरवरून फोन आला. संकलन छान होतंय, पण बिल काढलं की एरर येते, तुमचं ॲप बरोबर नाही, म्हणाले. मी केंद्राचा नोंदणी क्रमांक विचारला. ‘‘थांबा, बघून सांगतो’’ म्हणून त्यांनी फोन ठेवला.