दादरचा मेडिकल कोडिंग वर्ग: तीन महिन्यांचा अनुभव

मारहाणीतून उरलेल्या कायमच्या इजांचे कोडिंग, म्हणजे रुग्णाच्या नोंदीतील आजार-इजांना ठरावीक सांकेतिक क्रमांक देणे, या वर्गात जितक्या बारकाईने शिकवतात, तितके मी अन्यत्र पाहिले नाही. चाकूच्या वारानंतर बोटे आखडलेल्या रुग्णाचा कागद समोर ठेवून मॅडमनी समजावले की, आयसीडी-१०-सीएम या आजार-इजांच्या अमेरिकी कोड-यादीत आधी आजची स्थिती, मग मूळ जखमेचा कोड शेवटी ‘एस’ (उत्तरपरिणाम, म्हणजे मागे उरलेला परिणाम दाखवणारे अक्षर) लावून, आणि हल्ल्याचा कोडही ‘एस’सह येतो, जागतिक आरोग्य संघटनेच्या आयसीडी-१०मध्ये मात्र हल्ल्याच्या उत्तरपरिणामांसाठी वाय८७.१ हा स्वतंत्र कोड आहे. डॉक्टरांच्या नोंदीत हल्ल्याचा उल्लेख नसेल तर तो गृहीत धरायचा नाही, हे त्यांनी वारंवार बजावले. छापील टिपणांत मात्र या दोन्ही पद्धतींची सरमिसळ झाली असून, नवशिक्यांची त्यात हमखास फसगत होते. ती टिपणे तातडीने सुधारावीत.